धोका नाही, असे ठरवलेली चाचणी

संपादक महोदय यांस,
स. न. वि. वि.

मानवाच्या पहिल्यावहिल्या अंतराळ उड्डाणांविषयीचा लेख आपल्या पुरवणीत वाचला. लेख मनापासून लिहिलेला आहे आणि गागारिन, शेपर्ड, ग्लेन यांच्या धाडसाचे त्यातले वर्णन वाचताना आनंद झाला. मात्र ‘१९६७ साली उड्डाणाच्या वेळी रॉकेटने पेट घेऊन अपोलोचे तीन अंतराळवीर मृत्युमुखी पडले’ या आशयाचे एक वाक्य त्यात आहे आणि त्या वाक्यासाठीच हे पत्र लिहीत आहे. अंतराळवीर तीन होते आणि साल १९६७ होते, हे खरे. परंतु त्या दिवशी उड्डाण नव्हते, आणि पेटले ते रॉकेटही नव्हते. त्या रॉकेटमध्ये इंधन भरलेलेच नव्हते. तपशिलातली किरकोळ चूक म्हणून हे सोडून देता आले असते. पण माझ्या मते त्या अपघाताचे सारे मर्म याच तपशिलात आहे आणि तोच चुकला, तर त्या तिघांच्या मृत्यूचा अर्थच उलटा लागतो. म्हणून जरा विस्ताराने लिहितो. जागेची अडचण असल्यास काटछाट करावी, पण दुरुस्ती अवश्य छापावी.

२७ जानेवारी १९६७ रोजी फ्लोरिडातील केप केनेडी येथे, म्हणजे आजच्या केप कॅनव्हेरल येथे, ३४ क्रमांकाच्या प्रक्षेपण मंचावर सॅटर्न १बी हे रॉकेट उभे होते आणि त्याच्या माथ्यावर अपोलोचे, म्हणजे अमेरिकेच्या चंद्रमोहिमेचे, यान बसवलेले होते. उड्डाण २१ फेब्रुवारीला व्हायचे होते. त्या दिवशी होती ती तालीम. यानाला बाहेरून वीजपुरवठा करणाऱ्या तारा काढून टाकायच्या आणि यान स्वतःच्या विजेवर नीट चालते की नाही ते काउंटडाउनच्या क्रमाने पाहायचे, एवढाच तिचा हेतू होता. गस ग्रिसम, एड व्हाइट आणि रॉजर चॅफी हे तिघे दुपारी एकच्या सुमारास यानात शिरले. ग्रिसम यांना पोशाखातल्या हवेला आंबूस वास येत होता, म्हणून काही वेळ थांबावे लागले. नंतर यान आणि नियंत्रण कक्ष यांच्यातले बोलणे धड ऐकू येईना. दोन-तीन इमारतींमध्ये बोलता येत नसेल तर चंद्रावर जाऊन कसे बोलणार, अशा अर्थाचे ग्रिसम यांचे वैतागलेले उद्गार ध्वनिमुद्रित झालेले आहेत. संध्याकाळी सहा वाजून एकतीस मिनिटांनी यानातून आगीची हाक आली. त्यानंतर पंधरा-सोळा सेकंदांत आतला दाब इतका वाढला की यानाचे कवच फुटले आणि बोलणे थांबले. दार उघडायला बाहेरच्या माणसांना सुमारे पाच मिनिटे लागली.

रॉकेटमध्ये इंधन नाही आणि स्फोटक उपकरणे कार्यान्वित केलेली नाहीत, अशा चाचणीला त्या काळच्या पद्धतीप्रमाणे धोकादायक म्हणत नसत. चाचणी धोकादायक ठरली असती, तर अग्निशामक पथक, बचाव पथक आणि डॉक्टर मंचाजवळ तयार राहिले असते. ती तशी ठरली नाही, म्हणून यांपैकी कोणीही तेथे नव्हते. नासाच्या लँगली संशोधन केंद्राचे संचालक फ्लॉइड थॉम्प्सन यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या चौकशी मंडळाने एप्रिल १९६७ मध्ये अहवाल दिला. चाचणीची परिस्थिती अतिशय धोक्याची होती आणि तरीही ती तशी ओळखली गेली नाही, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. आग नेमक्या कोणत्या ठिणगीने लागली हे मंडळाला निर्विवादपणे सिद्ध करता आले नाही. यानाच्या डाव्या बाजूला, खालच्या भागातल्या तारांमध्ये कुठेतरी ती पडली असावी, एवढेच म्हणता आले. पण ठिणगीचा शोध हा मला त्या अहवालातला दुय्यम भाग वाटतो. विजेच्या तारांच्या एवढ्या मोठ्या जंजाळात ठिणगी कधीतरी पडणारच. ती पडल्यावर काय होईल, हा प्रश्न त्या दिवसापुरता कोणीच विचारला नव्हता, कारण त्यांच्या लेखी धोका हा इंधनाबरोबर येणार होता आणि इंधन अजून यायचे होते.

मी अनेक वर्षे औद्योगिक सुरक्षेच्या कामात काढली आहेत. या कामातल्या प्रत्येकाला पहिल्या काही महिन्यांतच एक गोष्ट सांगितली जाते: भरलेल्या टाकीपेक्षा रिकामी टाकी अधिक जपून हाताळावी, कारण भरलेल्या टाकीला सगळेच भितात आणि रिकामीत उरलेल्या वाफेची कोणाला आठवण राहत नाही. अपोलोच्या यानात ‘उरलेली वाफ’ होती ती प्राणवायूची, आणि ती उरलेली नव्हती, मुद्दाम भरलेली होती.

अमेरिकी यानांमध्ये मर्क्युरी या पहिल्या समानव यानमालिकेपासूनच शुद्ध ऑक्सिजन वापरण्याची प्रथा होती. अवकाशात यानाच्या आतला दाब दर चौरस इंचाला सुमारे ५ पौंड ठेवायचा आणि तो सगळा ऑक्सिजनचाच, अशी ती योजना होती. एकच वायू असल्याने यंत्रणा सोपी आणि हलकी होते, दोन वायूंचे मिश्रण बिघडण्याची भीती राहत नाही, आणि दाब अचानक कमी झाला तर रक्तात नायट्रोजनचे बुडबुडे होण्याचा त्रासही टळतो. अवकाशापुरता हा विचार चुकीचा नव्हता. जमिनीवर मात्र बाहेरच्या हवेचा दाब दर चौरस इंचाला १४.७ पौंड असतो, आणि बाहेरची हवा आत शिरू नये म्हणून आतला दाब त्याहून थोडा जास्त ठेवावा लागतो. त्या संध्याकाळी तो १६.७ पौंड होता आणि तोही शुद्ध ऑक्सिजनचा. आपण ज्या हवेत श्वास घेतो तिच्यात ऑक्सिजनचा वाटा एक-पंचमांश असतो. म्हणजे त्या बंद यानात, तेवढ्याच जागेत, नेहमीच्या पाचपटीहून अधिक ऑक्सिजन कोंडलेला होता. अशा वातावरणात आपल्या ओळखीच्या वस्तू आपल्या ओळखीच्या राहत नाहीत. एरवी धुमसत राहणारे नायलॉन भडकून पेटते, आणि चिकटपट्टी म्हणून जागोजागी लावलेले व्हेल्क्रो ज्वाळा पसरवण्याचे साधन बनते. यानातल्या साहित्याच्या ज्वलनशीलतेचा विचार मुख्यतः अवकाशातला ५ पौंडांचा दाब डोळ्यांसमोर ठेवून झाला होता. मंचावरचे ते काही तास कोणाच्या हिशेबातच आले नाहीत.

हे अज्ञान होते असेही म्हणता येत नाही. ऑगस्ट १९६६ मध्ये यानाच्या तपासणी बैठकीत ज्वलनशील साहित्याचा प्रश्न निघाला होता आणि ते कमी करावे असे ठरलेही होते. त्याच सुमारास या तिघांनी यान-प्रकल्पाचे व्यवस्थापक जोसेफ शे यांना एक छायाचित्र भेट दिले. समोरच्या मेजावर यानाची छोटी प्रतिकृती आहे आणि तिघेही माना लववून, हात जोडून प्रार्थना करीत आहेत, असे ते छायाचित्र आहे. तुमच्यावर विश्वास नाही असे नव्हे, पण या खेपेस तुमच्याही वरच्याकडे जायचे आम्ही ठरवले आहे, अशा अर्थाचा मजकूर त्यावर होता. मला हे छायाचित्र पाहवत नाही. शे हे निष्काळजी गृहस्थ नव्हते. ठरलेली गोष्ट प्रत्यक्षात झाली की नाही हे पाहण्याचे काम शेकडो कामांमध्ये मागे पडले, एवढेच घडले, आणि तेवढे पुरेसे ठरले. मर्क्युरीची सहा आणि तिच्यानंतरच्या जेमिनी यानांची दहा, अशी सोळा समानव उड्डाणे शुद्ध ऑक्सिजन भरूनच मंचावरून सुखरूप गेली होती. सोळा वेळा काही झाले नाही, या गोष्टीने सतराव्या वेळेची भीती घालवली, असे मला वाटते.

दाराविषयी आपल्या लेखात काहीच नाही, म्हणून तेही सांगतो. यानाचे आतले दार आतल्या बाजूला उघडणारे होते. आतला दाब बाहेरच्यापेक्षा जास्त असला की असे दार आपोआप घट्ट बसते. अवकाशात तो मोठा फायदा आहे, परंतु आग लागून दाब वाढल्यावर तेच दार कोणत्याही माणसाच्या शक्तीने आत ओढता येणे अशक्य होते. सर्व काही सुरळीत असतानाही बाहेर पडायला सुमारे दीड मिनिट लागे. झटक्यात उडवता येणारे दार अपोलोला का दिले नाही, याचा एक धागा खुद्द ग्रिसम यांच्यापर्यंत जातो. २१ जुलै १९६१ रोजी त्यांचे मर्क्युरी यान समुद्रात उतरल्यानंतर त्याचे स्फोटक दार वेळेआधी उडाले, यानात पाणी शिरले, ते बुडाले आणि ग्रिसमही बुडता बुडता वाचले. दार आपण उडवले नाही, असे ते अखेरपर्यंत सांगत राहिले. असे दार अवकाशात चुकून उडाले तर काय, ही धास्ती त्यानंतर अभियंत्यांच्या मनात राहणे स्वाभाविक होते. एका अपघातावरचा उपाय दुसऱ्या अपघाताचे कारण कसा बनतो, याचे याहून दुःखद उदाहरण मला माहीत नाही. त्या दिवशीच्या तालमीचा शेवट, अंतराळवीरांच्याच आग्रहावरून, यानातून तातडीने बाहेर पडण्याच्या सरावाने व्हायचा होता.

आणि ती पाच मिनिटे. मंचावर त्या वेळी काम करणारे तंत्रज्ञ यान फुटल्यावर ज्वाळांच्या आणि धुराच्या लोटाने मागे फेकले गेले. त्यांच्याकडचे मुखवटे विषारी इंधनाच्या वाफेसाठी बनवलेले होते, अशा दाट धुरात ते निरुपयोगी होते. डोक्यावर, यानाच्या टोकाला, संकटकाळी यान ओढून नेणाऱ्या मनोऱ्यात घन इंधनाचे रॉकेट होते आणि ते या आगीने पेटले तर मंचावरचे कोणीही वाचणार नाही, हे त्यांना ठाऊक होते. तरीही ही माणसे श्वास घ्यायला बाहेर येत, पुन्हा धुरात शिरत आणि हाताला काही दिसत नसताना चाचपडत एकामागून एक तीन झाकणे उघडत राहिली. त्यांतल्या काहींना पुढे नासाचे शौर्यपदक मिळाले. शौर्याची कथा सांगायचीच असेल तर ती या माणसांचीही आहे, आणि आपल्या लेखात त्यांचा उल्लेख असायला हवा होता. आत व्हाइट यांच्याकडे दार उघडण्याचे काम होते आणि चॅफी यांच्याकडे संपर्क ठेवण्याचे. चॅफी आपल्या आसनावरच पट्टे बांधलेले आढळले. तिघेही आपापले काम करीत असताना गेले. मृत्यू भाजण्याने नव्हे, मुख्यतः विषारी वायू छातीत गेल्याने झाला.

ही एकच घटना असती तर तिला दैवदुर्विलास म्हणता आले असते. पण त्या दशकातले जमिनीवरचे अपघात आणि थोडक्यात टळलेले प्रसंग शेजारी शेजारी ठेवून पाहिले, तर बहुतेक सगळे अशाच घटकेला घडलेले दिसतात. धोका अजून सुरू झालेला नाही, किंवा आता संपला, असे लोकांना वाटत असते ती ही घटका.

२१ नोव्हेंबर १९६० रोजी मर्क्युरी-रेडस्टोनच्या पहिल्या, निर्मनुष्य उड्डाणात इंजिन पेटले, रॉकेट जेमतेम चार इंच उचलले गेले आणि इंजिन बंद पडून ते पुन्हा मंचावर टेकले. रॉकेटच्या शेपटाकडच्या विजेच्या जोडण्या चुकीच्या क्रमाने सुटल्या होत्या, कारण एवढेच. इंजिन बंद झाल्याचे पाहून यानाने उड्डाण पार पडल्याचा समज करून घेतला. वरचा सुटकेचा मनोरा यान न घेता एकटाच उडून गेला आणि मग यानाच्या टोकातून एकामागून एक पॅराशूट बाहेर पडून रॉकेटच्या अंगावर लोंबू लागले. काठोकाठ इंधन भरलेले, कोणत्याही आधाराने न बांधलेले रॉकेट, आणि वारा सुटला तर त्याला खेचून पाडू शकेल असे पॅराशूट! बंदुकीच्या गोळ्यांनी टाक्यांना भोके पाडून दाब कमी करावा, अशी सूचनाही तेव्हा पुढे आली होती. ती मानली नाही हे बरे झाले. बॅटऱ्या संपेपर्यंत आणि द्रवरूप ऑक्सिजन उडून जाईपर्यंत, म्हणजे दुसऱ्या दिवसाच्या सकाळपर्यंत, कोणीही जवळ जायचे नाही असे ठरले. काहीही न करता थांबणे हा त्या वेळी सर्वांत अवघड निर्णय असणार, आणि मला तो त्या संपूर्ण कार्यक्रमातल्या सर्वांत शहाण्या निर्णयांपैकी एक वाटतो.

असे थांबणे त्याच्या महिनाभर आधी बैकोनूर या सोव्हिएत प्रक्षेपण तळावर जमले नव्हते. २४ ऑक्टोबर १९६० रोजी तेथे आर-१६ या क्षेपणास्त्राची पहिली चाचणी व्हायची होती. ते युद्धासाठीचे क्षेपणास्त्र होते, समानव यान नव्हे. पण तळ तोच होता, आणि ज्या सरकारी प्रस्तावात पहिल्या मानवी उड्डाणासाठी डिसेंबर १९६० ची मुदत सुचवली होती त्यावर सह्या करणाऱ्यांत मार्शल मित्रोफान नेदेलिन हे एक होते. क्षेपणास्त्रात इंधन भरल्यानंतर बिघाड निघाले. ते रिकामे करून दुरुस्ती करायची तर वेळ जाणार होता आणि क्रांतीचा वर्धापनदिन जवळ आला होता. भरलेल्या क्षेपणास्त्राभोवती माणसे दुरुस्तीला लागली आणि नेदेलिन स्वतः जवळच खुर्ची टाकून बसले. नियंत्रक उपकरण मूळ स्थितीत आणत असताना दुसऱ्या टप्प्याच्या इंजिनाला प्रज्वलनाची आज्ञा गेली आणि त्याच्या ज्वाळांनी खालची भरलेली टाकी फोडली. मृतांचे आकडे वेगवेगळे सांगितले जातात, पण त्यांतले बहुतेक सत्तरच्या वरचे आहेत. नेदेलिन विमान अपघातात गेले, असे जाहीर झाले आणि खरी हकीकत उघड व्हायला जवळजवळ तीस वर्षे लागली.

१४ डिसेंबर १९६६ ची सोयूझ यानाची घटना तर या सगळ्यांत मला सर्वांत विचार करायला लावणारी वाटते. हेही निर्मनुष्य चाचणी-उड्डाण होते. इंजिने नीट पेटली नाहीत, स्वयंचलित यंत्रणेने ती बंद केली, सगळे सुरक्षित झाले असे समजून माणसे मंचावर परतली. रॉकेटमधले जायरोस्कोप मात्र फिरतच होते. जायरोस्कोप अवकाशातली आपली दिशा धरून ठेवतो. पृथ्वी मात्र तासाला १५ अंश फिरते आणि तिच्याबरोबर मंचही फिरतो. सुमारे २७ मिनिटांत हा फरक इतका वाढला की रॉकेट कलंडते आहे असा यंत्रणेचा समज झाला आणि तिने नेमून दिलेल्या कामाप्रमाणे सुटकेचा मनोरा पेटवून यान उचलून नेले. मनोऱ्याच्या ज्वाळांनी खालच्या रॉकेटला आग लागली, मंच उद्ध्वस्त झाला आणि धावणाऱ्या माणसांपैकी किमान एकाचा जीव गेला. माणूस वाचवण्यासाठी बसवलेले साधन अगदी बिनचूक चालले होते. रॉकेट थांबले तरी पृथ्वी फिरायची थांबत नाही, हे मात्र कागदावर कोणी लिहून ठेवले नव्हते. अपोलोची आग यानंतर सहा आठवड्यांनी लागली.

याच घटकेची दुसरी, सुदैवी बाजूही आहे. १२ डिसेंबर १९६५ रोजी जेमिनी ६ मध्ये वॉली शिरा आणि टॉम स्टॅफर्ड बसलेले असताना टायटन रॉकेटची इंजिने पेटून सेकंदभरात बंद पडली. शेपटाकडचा प्लग वेळेआधी निघाल्यामुळे यानातले घड्याळ मात्र उड्डाण झाल्याप्रमाणे चालू झाले होते. रॉकेट खरोखर उचलले जाऊन इंजिन बंद पडले असेल तर ते खाली कोसळणार, आणि अशा वेळी कडी ओढून आसनांसह बाहेर फेकले जायचे, असा नियम होता. शिरा यांना यान हलल्याचे जाणवले नाही, म्हणून त्यांनी कडी ओढली नाही. शुद्ध ऑक्सिजनमध्ये तास न् तास बसल्याने आमचे पोशाख त्यात भिजलेले होते आणि आसनांची रॉकेटे पेटताच आम्हीही पेटलो असतो, असे स्टॅफर्ड यांनी पुढे सांगितले. तपासणीत रॉकेटमध्ये प्लॅस्टिकचे एक धूळरोधक झाकण विसरून राहिल्याचेही आढळले. तिसऱ्या दिवशी दोघे अवकाशात गेले. शिरा यांच्या धीराचे कौतुक झाले आणि ते योग्यच होते. पण ऑक्सिजनने भिजलेल्या कपड्यांचा विषय तेव्हाच धसास लागला असता तर, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

आपल्या लेखात व्हॅलेंतिन बोंदारेंको यांचा ओझरता उल्लेख आहे, त्याविषयी माझे थोडे वेगळे मत नोंदवतो. पहिल्या सोव्हिएत अंतराळवीरांच्या तुकडीतले ते सर्वांत तरुण, अवघ्या २४ वर्षांचे. मार्च १९६१ मध्ये मॉस्कोत ते एकांतवासाच्या चाचणीसाठी कमी दाबाच्या, पण ऑक्सिजन वाढवलेल्या बंद कोठडीत होते. २३ मार्चला अंगावरचे संवेदक काढून त्यांनी स्पिरिटच्या बोळ्याने त्वचा पुसली, बोळा टाकला आणि तो नेमका विजेच्या शेगडीवर पडला. आतला आणि बाहेरचा दाब समान होईपर्यंत दार उघडता येईना. काही तासांनी रुग्णालयात त्यांचा मृत्यू झाला, आणि त्यानंतर वीस दिवसांनी गागारिन यांनी उड्डाण केले. ही घटना १९८६ मध्ये यारोस्लाव गोलोवानोव यांच्या लेखनातून जगासमोर आली. सोव्हिएत संघाने हे लपवले नसते तर अपोलोचे तिघे वाचले असते, असे आपल्या लेखकाने सुचवले आहे. लपवाछपवीचा बचाव मी मुळीच करणार नाही. ती त्या तरुणावर आणि त्याच्या कुटुंबावर अन्यायच होता. पण अमेरिकेला हे परक्यांकडून कळण्याची गरज नव्हती. ऑक्सिजनच्या कोठड्यांमध्ये १९६२ सालीच त्यांच्या स्वतःच्या लष्करी प्रयोगशाळांत आगी लागल्या होत्या, माणसे भाजली होती, नोंदी झाल्या होत्या. एवढेच नव्हे, तर अपोलोच्या आगीनंतर चारच दिवसांनी, ३१ जानेवारी १९६७ रोजी, टेक्सासमधील हवाई दलाच्या एका तळावर ऑक्सिजनच्या कोठडीत प्रयोगातल्या सशांचे रक्त घ्यायला गेलेले दोन कर्मचारी आगीत मरण पावले. त्या वेळी तर सगळ्या जगाला बातमी ठाऊक होती. माहिती असणे आणि ती त्या दिवशीच्या, त्या दाराबाहेर उभ्या असलेल्या माणसाच्या हातातल्या कागदावर असणे, या दोन फार वेगळ्या गोष्टी आहेत.

त्यानंतर काय बदलले ते थोडक्यात सांगतो. दार बाहेरच्या बाजूला उघडणारे आणि काही सेकंदांत उघडता येणारे झाले. मंचावर यानात ६० टक्के ऑक्सिजन आणि ४० टक्के नायट्रोजन भरू लागले आणि वर जाता जाता त्याची जागा कमी दाबाच्या शुद्ध ऑक्सिजनने घ्यायची, असे ठरले. पोशाखाचे बाहेरचे कापड काचतंतूंचे झाले, तारांची मांडणी सुधारली, जळणाऱ्या वस्तू खरोखर मोजून काढून टाकल्या गेल्या. ११ ऑक्टोबर १९६८ रोजी त्याच ३४ क्रमांकाच्या मंचावरून अपोलो ७ उडाले आणि त्याचे नेतृत्व जेमिनीतल्या त्याच वॉली शिरा यांच्याकडे होते. चंद्राकडे जाणाऱ्या मोठ्या सॅटर्न ५ रॉकेटच्या मंचावर उंचावरून तारेवरून घसरत खाली येण्याची सोय झाली आणि मंचाखाली, स्फोटातही तग धरेल अशी खोली बांधली गेली. सोव्हिएत बाजूलाही १९६६ मध्ये नको तेव्हा सुटलेला तोच मनोरा २६ सप्टेंबर १९८३ रोजी हवा तेव्हा सुटला. मंचावर पेटलेल्या रॉकेटच्या टोकावरून व्लादिमीर तितोव आणि गेन्नादी स्त्रेकालोव यांना त्याने उचलून काही किलोमीटरांवर सुखरूप उतरवले. आगीने आज्ञा नेणाऱ्या तारा जळून गेल्या होत्या, म्हणून नियंत्रण कक्षातल्या माणसांना आज्ञा स्वतः द्यावी लागली. मनोरा सुटला आणि क्षणभरात रॉकेटचा स्फोट झाला.

पण ती जुनी घटका पुन्हा आलीच. १९ मार्च १९८१ रोजी कोलंबिया या पहिल्या अंतराळ शटलची मंचावरची तालीम पार पडली. आग लागू नये म्हणून शटलच्या मागच्या कप्प्यात नायट्रोजन भरलेला होता. तालीम संपली, आत जायला हरकत नाही असा इशारा मिळाला, आणि कामगार आत गेले. नायट्रोजनला वास नसतो, रंग नसतो, आणि घुसमट होते आहे हे माणसाला कळतही नाही. पाच जण बेशुद्ध पडले. त्यांतला एक त्याच दिवशी गेला, आणि दुसरा १ एप्रिलला. १२ एप्रिलला कोलंबियाचे पहिले उड्डाण झाले आणि ते यशस्वी झाले. त्या यशाच्या वृत्तांतांत या कामगारांना किती ओळी मिळाल्या असतील, याची कल्पना वाचकांनी करावी. मलाही त्यांच्याविषयी फार उशिरा, सुरक्षेच्या एका प्रशिक्षणात कळले.

म्हणून आपल्याला दोन विनंत्या आहेत. पुरवणीत पुढचा लेख येणार असेल, तर अंतराळवीरांबरोबर मंचावर आणि मंचाखाली काम करणाऱ्यांसाठीही थोडी जागा राखावी. मुखवटा निरुपयोगी असताना धुरात पुन्हा पुन्हा शिरणारी आणि इशारा मिळाला म्हणून विश्वासाने आत जाणारी ही माणसे त्याच इतिहासाची आहेत. आणि २७ जानेवारी १९६७ विषयीची दुरुस्ती छापताना ती कितीही आखूड करावी लागली तरी चालेल, परंतु ‘रॉकेट रिकामे होते’ हे तीन शब्द तिच्यातून वगळू नयेत.

आपला नम्र,
एक नियमित वाचक
(औद्योगिक सुरक्षा क्षेत्रातून निवृत्त)